पाताळातला झारेकरी



समोर टेबलावर ठेवलेला हा दगड रायचूर जिल्ह्यातल्या हट्टीचा आहे. मागच्या रांगांना दिसणार नाही, म्हणून वर्णन करून सांगतो. दगड काळपट हिरवा आणि हाताला जड आहे. त्याच्या मधून तीन बोटं रुंदीचा पांढरा पट्टा गेला आहे, तो गारगोटीचा. पट्टा एकसारखा पांढरा नाही. त्यात एकमेकींना समांतर अशा राखाडी रेघा आहेत, मिटलेल्या वहीच्या पानांच्या कडा दिसाव्यात तशा. आणि पांढरा भाग हिरव्याला भिडतो त्या शिवेवर पिवळे, चकाकणारे बारीक ठिपके आहेत. ते सोनं नाही. सोनं या दगडात आहे, पण ते डोळ्यांना दिसत नाही. व्याख्यान संपल्यावर जवळ येऊन, हातात घेऊन बघा.

या पांढऱ्या पट्ट्याला आपण शीर म्हणतो. हा शब्द मी भूविज्ञानाच्या वर्गात जाण्याच्या कितीतरी आधी ऐकला होता. आमच्या शेतात विहीर खणत होते तेव्हाची गोष्ट. तीन परस खाली गेलं तरी सगळा कोरडा कातळ. वर उभी असलेली माणसं बोलेनाशी झाली होती. आणि एका दुपारी खालून हाक आली, ‘शीर लागली!’ कातळातल्या एका भेगेतून पाणी येऊ लागलं होतं. पुढे मी सोन्याच्या खाणीत उतरलो, धातूच्या शिरा पाहिल्या, तेव्हा कळलं की विहिरीतली शीर आणि खाणीतली शीर यांना एकच शब्द आहे हा योगायोग नाही. धातूची प्रत्येक शीर ही एके काळी पाण्याचीच शीर होती. आज मला तुम्हांला तेवढंच सांगायचं आहे, पण ते नीट पटवून सांगायचं आहे.

आधी थोडा हिशेब मांडू. पृथ्वीच्या कवचातला साधा खडक घेतला तर त्यातही सोनं असतंच. एक टन खडकात सरासरी सव्वा ते दीड मिलिग्रॅम. एक तोळा सोनं काढायचं तर असा सुमारे ९,००० टन खडक दळावा लागेल. दहा टनी ट्रक धरले तर ९०० ट्रक. आणि खाणीत कामाचा ठरणारा खडक कसा असतो? टनाला पाच ग्रॅम सोनं असलेला. त्यातून तोच तोळा सव्वादोन-अडीच टनांत निघतो. म्हणजे इथे सोनं साध्या खडकाच्या जवळजवळ ४,००० पट दाट झालं आहे. सोनं जमिनीत सगळीकडे आहे. त्याचं एका जागी जमणं दुर्मीळ आहे. मग ते जमवलं कोणी?

आपल्याकडे सराफ कट्ट्यावर भल्या पहाटे झारेकरी यायचे. दुकानांपुढची धूळ ते झाडून घेत, गटाराच्या कडेचा गाळ उचलत, तो घमेल्यात धूत, पाऱ्यानं बारीक कण धरत आणि शेवटी भट्टी लावून गुंजभर सोनं काढत. दिवसभर कारागिरांच्या हातून जे सांडलं, विखुरलं, ते हा माणूस पाण्यानं गोळा करी. जमिनीच्या पोटात हेच काम पाण्यानं केलं आहे. पण आपल्या झारेकऱ्यानं सोनं विरघळवलं नव्हतं, नुसतं धुतलं होतं. खोलातलं पाणी सोनं विरघळवतं. ते कसं, हा भूरसायनशास्त्राचा प्रश्न आहे.

पहिली गोष्ट म्हणजे इतक्या खोलीवर पाणी येतं कुठून? हट्टी किंवा कोलार या कर्नाटकातल्या सोन्याच्या खाणींच्या पट्ट्यांतले हे काळपट हिरवे खडक मुळात लाव्हा होते. तो लाव्हा समुद्रतळावर ओतला गेला. तिथे समुद्राचं पाणी त्यात मुरलं, आणि नुसत्या भेगांत न राहता खनिजांच्या रचनेतच बसलं. क्लोराइट नावाच्या हिरव्या खनिजात असं पाणी बांधलेलं असतं. पुढे हा सगळा थर गाडला गेला, दाबला गेला, तापला. तापमान ५०० अंशांच्या आसपास गेलं की क्लोराइट मोडतं, त्याच्या जागी दुसरी खनिजं तयार होतात आणि बांधलेलं पाणी मोकळं होतं. त्याच्याबरोबर कार्बन डायऑक्साइड आणि गंधकही सुटतो. दक्षिणेतल्या या प्राचीन सोन्याच्या बाबतीत पाणी मुख्यतः असंच खडकातून पिळून निघालं, असं बहुतेक अभ्यासक मानतात.

दुसरी गोष्ट अशी की सोनं विरघळतं कसं? सोनं गंजत नाही, आंबटानं डागत नाही, म्हणून तर आपण ते पिढ्यान्‌पिढ्या जपतो. त्याला विरघळवायला सोनाराला अम्लराज लागतं. पण तीन-चारशे अंश तापलेल्या पाण्यात गंधक आणि हायड्रोजन यांचा जोड असला, की सोन्याचा एक अणू असे दोन जोड दोन बाजूंना धरतो आणि पाण्याबरोबर चालू लागतो. तांबं, शिसं, जस्त यांचं नातं बहुतांशी मिठातल्या क्लोरिनशी जमतं, ते खाऱ्या पाण्यातून प्रवास करतात. सोन्यानं इथे गंधकाचा हात धरला. हा सोबती आहे तोवर सोनं चालतं. तो सुटला की सोनं जिथे असेल तिथे बसतं.

आता वाटेचा विचार करू. दहा-बारा किलोमीटर खोलीवर खडकाचं ओझं एवढं असतं की भेग उघडी राहूच शकत नाही. ती उघडते ती पाण्याच्याच दाबानं. पाण्याचा दाब साठत जातो, वरच्या खडकाच्या ओझ्याइतका होतो आणि भ्रंशाच्या दोन बाजू एकमेकींवरून सरकतात. भेगांमधल्या पाण्याचा दाब भ्रंश हलवू शकतो, ही गोष्ट महाराष्ट्राला समजावून सांगायला नको. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेला जो भूकंप झाला, त्याचा संबंध धरणाच्या जलाशयाशी जोडला जातो तो याच कारणानं. तर खोलात असा धक्का बसतो, भेग उघडते, पाणी वर धावतं आणि दाब एकदम कोसळतो. पाण्यात विरघळलेली गार, म्हणजे गारगोटी, दाब आणि उष्णता कमी झाली की बाहेर पडते. आपल्या गिझरमध्ये क्षार बसतो तो पाणी तापल्यामुळे. गारेचं याच्या उलट, ती पाणी निवल्यावर बसते. भेग गारेनं बुजते. वाट बंद झाली की खाली दाब पुन्हा साठू लागतो, आणि पुन्हा एक धक्का बसतो.

या दगडातल्या राखाडी रेघा म्हणजे त्या धक्क्यांची नोंद आहे. प्रत्येक रेघ म्हणजे भेग एकदा उघडली आणि एकदा मिटली. मी या तीन बोटांच्या पट्ट्यात भिंगाखाली चाळीस रेघा मोजल्या आणि मग मोजणं सोडून दिलं.

आणि सोनं कुठे थांबलं? आता त्या पिवळ्या ठिपक्यांकडे या. ते पायराइट, म्हणजे लोह आणि गंधक यांचं खनिज; वैद्यांच्या सुवर्णमाक्षिकाच्या कुळातलं. कडेच्या खडकात लोह भरपूर आहे. गरम पाणी त्याला भिडलं तेव्हा पाण्यातल्या गंधकाला सोन्यापेक्षा लोह अधिक जवळचं वाटलं. त्यानं लोहाशी संधान बांधलं, पायराइट तयार झालं आणि सोन्याचा सोबती सुटला. म्हणून सोनं अनेकदा शिरेच्या मध्यात न सापडता तिच्या कडेला, पायराइटच्या आसपास सापडतं. भोवतालच्या खडकात होणारे असे बदल वाचता येणं हेच शोध घेणाऱ्या भूवैज्ञानिकाचं कसब. बऱ्याचदा सोन्याबरोबर आर्सेनिकही आलेलं असतं. म्हणून सोनं दिसायच्या आधी मातीत आर्सेनिक वाढलंय का, हे तपासलं जातं.

आपण म्हणाल, हे सगळं कोणी पाहिलं? थोडंसं पाहता येतं. गार वाढत असताना तिच्यात त्याच पाण्याचे सूक्ष्म थेंब अडकतात. हेन्री क्लिफ्टन सॉर्बी या इंग्रज संशोधकानं १८५८ मध्ये अशा थेंबांवर निबंध लिहिला. थेंब अडकला तेव्हा कप्पा पूर्ण भरलेला होता; निवताना द्रव आकसला आणि आत बुडबुडा तयार झाला. तो दगड पुन्हा तापवत गेलं तर ज्या तापमानाला बुडबुडा नाहीसा होतो, त्यावरून मूळ पाणी कमीत कमी किती गरम होतं हे कळतं. किती साधी आणि किती खोल कल्पना!

नागपूरला शिकत असताना मी पहिल्यांदा असा थेंब पाहिला. गारेची कागदासारखी पातळ चकती सूक्ष्मदर्शकाखाली ठेवली होती. एका कप्प्यात पाणी, त्यात एक गोल आणि त्या गोलात आणखी एक लहान गोल. बाहेरचा गोल द्रवरूप कार्बन डायऑक्साइडचा, आतला वायूचा. आतला गोल सारखा थरथरत होता. हिवाळ्यात पाहिलेला हाच थेंब मी मे महिन्यात पुन्हा काढला, तर आतला गोल गायब! मी घाबरलो, वाटलं नमुना बिघडला. सरांनी भिंतीवरच्या तापमापीकडे बोट दाखवलं. एकतीस अंशांच्या वर कार्बन डायऑक्साइडचा द्रव आणि वायू असा भेद उरतच नाही, आणि खोलीत अडतीस होते. संध्याकाळी चकती माठाच्या पाण्यानं थंड केली आणि तो गोल परत आला. अडीचशे कोटी वर्षं बंद असलेला थेंब विदर्भाच्या उन्हाला उत्तर देत होता. त्या दिवशी हा विषय माझा झाला.

दुसरा पुरावा अमेरिकेतला आहे. १९६२ मध्ये कॅलिफोर्नियात सॉल्टन सी सरोवराजवळ भूगर्भातल्या उष्णतेसाठी एक विहीर खोदली गेली. तीनशे अंशांहून गरम आणि अतिशय खारट पाणी वर आलं. तीन महिन्यांच्या चाचणीत नळांमध्ये पाच ते आठ टन काळसर थर साचला. तपासला तर त्यात सरासरी २० टक्के तांबं आणि काही ठिकाणी ६ टक्क्यांपर्यंत चांदी निघाली. नळाच्या आत, माणसांच्या देखत, एक धातूची शीर तयार झाली होती.

आता कोलारकडे येऊ. दक्षिणोत्तर सुमारे ऐंशी किलोमीटर लांबीचा आणि जेमतेम तीन-चार किलोमीटर रुंदीचा तो खडकांचा पट्टा. त्यातली चॅम्पियन रीफ ही शीर जगातल्या नामांकित शिरांपैकी एक. लोक तिथे प्राचीन काळापासून खणत होते. हट्टीला तर जुन्या माणसांनी कातळाजवळ जाळ करून, तापलेल्या दगडावर पाणी ओतून, तो फोडत फोडत शेकडो फूट खोल मजल मारली होती; तिथे सापडलेल्या लाकडाचं वय सुमारे दोन हजार वर्षं निघालं.  कोलारला १८८० मध्ये जॉन टेलर अँड सन्स ही कंपनी आली. १९०२ मध्ये शिवनसमुद्रहून तिथे वीज आली. खाण तीन किलोमीटरच्याही खाली गेली. तिथला कातळ साठ अंशांच्या वर तापलेला, आणि त्यावरच्या ओझ्यानं तो कधीही स्फोटासारखा फुटायचा. ज्या ताणानं एके काळी शिरेला वाट करून दिली, त्याच्याच जातीच्या ताणानं पुढे खाणकामगारांचे जीव घेतले. सुरुवातीला टनामागे कित्येक तोळे असलेलं प्रमाण शेवटी काही ग्रॅमवर आलं, आणि २८ फेब्रुवारी २००१ ला खाण बंद झाली. सव्वाशे वर्षांत सुमारे ८०० टन सोनं निघालं.

मागे उरल्या त्या दळलेल्या खडकाच्या टेकड्या. तिथले लोक त्यांना सायनाइड डंप म्हणतात. कारण दळलेल्या खडकातून सोनं काढायला माणसानंही निसर्गाचीच युक्ती वापरली. सोन्याला दोन बाजूंनी धरणारा सोबती दिला, गंधकाऐवजी सायनाइड. सोनं गेलं, चूर्ण राहिलं. उन्हाळ्यात वारा सुटला की ते घरांवर येतं. झारेकरी गल्ली झाडून स्वच्छ करून जायचा. आपण तेवढंही केलेलं नाही. शिरेबद्दल बोलताना मला हे गाळता येत नाही.

महाराष्ट्रात अशा शिरा आहेत का, हा प्रश्न मला नेहमी विचारतात. आहेत, पूर्व विदर्भात. नागपूर जिल्ह्यात कुही, खोबना, आगरगाव या बाजूला गारगोटीच्या शिरांत टंगस्टनची खनिजं मिळतात. त्यांपैकी शीलाइट हे दिवसा साध्या पांढऱ्या खड्यासारखं दिसतं. रात्री त्यावर अतिनील दिवा धरला की ते निळसर पांढरं उजळतं. बाकीच्या बहुतेक महाराष्ट्रावर काळ्या कातळाची, बेसॉल्टची चादर आहे. पण पाण्यानं तिथेही हात आखडता घेतलेला नाही. विहीर खणताना, खडीच्या खाणीत, कातळाच्या पोकळीत चमकणारे झिओलाइटचे स्फटिक तुमच्यापैकी अनेकांनी पाहिले असतील. पुण्याजवळ वाघोलीला तर कॅव्हनसाइट नावाचं गर्द निळं खनिज मिळतं. ती निळाई व्हॅनेडियम या धातूची. काळ्या कातळात कणाकणानं विखुरलेला धातू कोमट पाण्यानं वेचला आणि एका पोकळीत आणून ठेवला. व्यवहार तोच, फक्त लहान प्रमाणावर आणि बेताच्या आचेवर.

आपल्या तोळ्याच्या हिशेबाकडे पुन्हा एकदा बघा. गळ्यातल्या एका तोळ्यामागे ९,००० टन खडकातून फिरलेलं पाणी आहे, हजारदा उघडून मिटलेली भेग आहे. ते सगळं काम कोणी पाहत नसताना झालं, आणि पुन्हा होईल तेव्हा ते पाहायला आपण नसू. म्हणून घरातलं जुनं सोनं मोडून नवं घडवणं, टाकलेल्या फोनमधला आणि संगणकातला धातू परत काढणं, हे मला नुसतं काटकसरीचं काम वाटत नाही. जमिनीनं गोळा केलेलं पुन्हा विखरू न देण्याचं ते काम आहे. तिथे झारेकरी आपण व्हायचं आहे.

आमच्या शेतातली ती विहीर अजून आहे. उन्हाळ्यात पाणी तळाला गेलं की उत्तरेच्या बाजूनं ती भेग दिसते. तिच्या ओठांवर पांढरा, बोटाच्या पेराएवढा जाड थर बसला आहे. चुन्याचाच आहे, त्यात धातू नाही. पण गेल्या उन्हाळ्यात मी खाली उतरून त्यावर हात ठेवला, तेव्हा तो ओला होता. शीर अजून वाहते आहे.