कॅमेऱ्याला काय दिसतं?

'जिन्यात कॅमेरा बसवलाय, आता कसली भीती?' असं आपल्याला सांगतात. तो हालचाल ओळखतो म्हणजे नेमकं काय करतो, ते आधी समजून घेऊ.

चित्र म्हणजे कॅमेऱ्याच्या लेखी लाखो ठिपके. आत्ताचे ठिपके तो आधीच्या चित्रातल्या ठिपक्यांशी ताडून पाहतो. ठरवून दिलेल्या मर्यादेपेक्षा जास्त बदलले, की 'हालचाल झाली' अशी नोंद करतो आणि नेटवर्कवरून कुणाच्या तरी फोनवर इशारा पाठवतो. म्हणून फांदी हलली, दिवा लागला, तरी तो जागा होतो. आणि भीतीने जागीच थिजलेली बाई त्याला भिंतीसारखीच. नव्या कॅमेऱ्यांत माणसाचा आकार ओळखायची सोय असते. पण आलेल्या माणसाच्या मनात काय आहे, ते त्यांनाही कळत नाही.

मर्यादा किती, चित्राचा कोणता भाग तपासायचा, हे माणूसच ठरवतो. तेव्हा सोसायटीच्या सभेत विचारा: चौकट कुणी आखली? जिन्यावर, की आपल्या दारावर? इशारा कुणाच्या फोनवर जातो? चित्रण किती दिवस ठेवतात? कॅमेरा आपली राखण करतो की आपल्यावर पाळत ठेवतो, ते या उत्तरांवरून कळेल.