भावोजी आले घरी

१९७१ मध्ये अमेरिकेतल्या सांता बार्बरा इथं लाउड कुटुंबाच्या घरात कॅमेरा शिरला आणि सुमारे सात महिने मुक्काम ठोकून राहिला. जवळपास ३०० तासांच्या चित्रणातून १२ भाग निघाले. १९७३ मध्ये 'ॲन अमेरिकन फॅमिली' या नावानं ते दाखवले गेले, तेव्हा नवरा-बायकोची फारकतही घरोघरी पाहिली गेली. संकलनात आमचं वाईटच तेवढं ठेवलं, अशी लाउड मंडळींची तक्रार होती.

मराठीत कॅमेरा आला तो पाहुणा होऊन.

२००४ मध्ये 'होम मिनिस्टर' हा दूरचित्रवाणीवरचा कार्यक्रम सुरू झाला. आदेश बांदेकर, म्हणजे सगळ्यांचे भावोजी, थेट दिवाणखान्यात. वहिनी लाजत उखाणा घ्यायच्या, सासूबाई कौतुकाआडून चिमटा काढायच्या, लग्न कसं जमलं हे सांगताना नवरोबांची भंबेरी उडायची. भांडणं मात्र उंबऱ्याबाहेरच राहिली. म्हणून हा संसाराचा सणासुदीचा चेहरा, रोजचा नव्हे. तरी सामान्य गृहिणीला तिच्या नावानिशी पडद्यावर मान मिळाला, ही गोष्ट लहान नाही.

कार्यक्रमातल्या खेळांचं बक्षीस पैठणीचं. त्या पैठणीसाठी प्रसिद्ध असलेलं येवलं आपल्या कोपरगावच्या शेजारीच, नगर-मनमाड रस्त्यावर. २०२२ च्या 'महामिनिस्टर' पर्वात तर ११ लाख रुपयांची पैठणी ठेवली होती.