हे घर आपल्याला केवढ्याला पडले?

(मंडळाच्या वर्धापनदिनी दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आपल्या चिटणीसबाईंनी मला बोलायला सांगितले तेव्हा मी प्रथम नाहीच म्हटले. व्यासपीठावर उभे राहण्याचा मला सराव नाही. मंडळाची खजिनदार म्हणून जमाखर्च लिहिते, एवढाच काय तो माझा हिशेबाशी संबंध. पण त्या म्हणाल्या, "तुमच्या घराच्या कर्जाचं जे झालं, तेच सांगा. आपल्यातल्या निम्म्या घरांत हप्ता चालू आहे." मग मला नाही म्हणवेना. तेव्हा आज मी विद्वत्तेचे काही सांगणार नाही. स्वतःची फजिती सांगणार आहे, आणि ती कशी निस्तरली तेही.

२०२१ च्या जून महिन्यात आम्ही येथे बदलापुरात आमचे दोन खोल्यांचे घर घेतले. वास्तुशांतीच्या दिवशी पाहुणे पांगल्यावर सासूबाई खिडकीशी बसल्या होत्या. त्यांनी विचारले, "हे घर आपल्याला केवढ्याला पडलं गं?" मी म्हटले, "सव्वीस लाखांना, आई." त्या जरा थांबल्या आणि म्हणाल्या, "आणि व्याज कुठं धरलंस?"

मी हसून वेळ मारून नेली. माझे मामंजी नोकरीतून निवृत्त झाल्यावर फंडाच्या पैशांतून गावी घर बांधते झाले. त्यांच्या पिढीतले पुष्कळ नोकरदार असेच करीत. घरासाठी सामान्य माणसाला कर्ज देणारी हाऊसिंग डेव्हलपमेंट फायनान्स कॉर्पोरेशन मुंबईत निघाली तीच मुळी १९७७ साली. तेव्हा कर्जाचे घर म्हणजे काय, हे सासूबाईंना काय ठाऊक, असे मला वाटले. ठाऊक त्यांना होते, मलाच नव्हते.

आता हप्त्याची गोष्ट सांगते. आमचे कर्ज वीस लाखांचे, सात टक्क्यांचे, पंधरा वर्षांचे. हप्ता १७,९७७ रुपये. मला वाटे, महिन्याला अठरा हजार फिटले. पण पहिल्या हप्त्यातले ११,६६७ रुपये निव्वळ व्याज होते आणि मुद्दल फिटले ते अवघे ६,३१०. व्याज हे उरलेल्या मुद्दलावर दरमहा आकारले जाते. सुरुवातीला मुद्दल मोठे, म्हणून व्याज मोठे. हप्त्याच्या ताटातले आधी व्याज जेवते आणि उरलेसुरले मुद्दलाच्या वाट्याला येते. वर्षे जातात तसतसे हे पालटत जाते, पण फार सावकाश.

आपल्याला आपापल्या घरी ताडून पाहता यावे म्हणून मी एका लाखाचा हिशेब मांडून आणला आहे. दर साडेआठ टक्के धरला आहे. एक लाख रुपये पंधरा वर्षांत फेडायचे तर हप्ता ९८५ रुपये, आणि एकूण भरावे लागतात सुमारे १ लाख ७७ हजार. वीस वर्षांत फेडायचे तर हप्ता ८६८ आणि एकूण २ लाख ८ हजार. तीस वर्षांत फेडायचे तर हप्ता ७६९ आणि एकूण सुमारे २ लाख ७७ हजार. आता वीस आणि तीस वर्षे शेजारी शेजारी ठेवा. हप्ता उतरला महिन्याला ९९ रुपयांनी, आणि त्यासाठी जास्त भरले साडेअडुसष्ट हजार. हे एका लाखाला. तुमचे कर्ज तीस लाखांचे असेल तर तिसाने गुणा; वीस लाखांवर रक्कम जाईल.

आणखी एक. वीस वर्षांच्या ह्याच कर्जात दहा वर्षे होतात तेव्हा आपण म्हणतो, "चला, निम्मे फिटले." निम्मे फिटलेले नसते. लाखातले सत्तर हजार उभेच असतात. निम्मी सरतात ती वर्षे, कर्ज नव्हे.

आता माझ्या फजितीकडे येते.

आमचे कर्ज बदलत्या व्याजाचे होते, ज्याला फ्लोटिंग म्हणतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी गृहकर्जे बाहेरच्या एखाद्या दराशी बांधलेली असतात. आमचे रेपो दराशी होते. रिझर्व्ह बँक इतर बँकांना अल्प मुदतीसाठी पैसे देताना जो दर लावते तो रेपो दर. आम्ही घर घेतले तेव्हा तो चार टक्के होता. मे २०२२ पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत सहा वेळा वाढून साडेसहा टक्क्यांवर गेला. म्हणजे आमचे सात टक्के साडेनऊ झाले.

आमच्या घरात हे कोणाला कळले? कोणालाच नाही. कारण हप्ता तेवढाच राहिला. ह्यांच्या फोनवर इंग्रजीतले दोन-तीन संदेश येऊन गेले होते. ते जाहिरातींच्या गर्दीत बुडाले. दरमहा पाच तारखेला १७,९७७ रुपये जात होते, आणि मी वहीत बरोबरची खूण करीत होते.

जुलै २०२३ मध्ये मुलीच्या शिष्यवृत्तीच्या कागदासाठी बँकेत गेले असता मी सहज कर्जाचा उतारा मागितला. त्यात शिल्लक हप्त्यांचा एक रकाना होता. त्यात आकडा होता २१६. मी दोनदा पाहिला. दोनशे सोळा हप्ते म्हणजे अठरा वर्षे! पंधरा वर्षांचे कर्ज, त्यातली दोन वर्षे एकही हप्ता न चुकवता फेडलेली, आणि उरली अठरा वर्षे. खिडकीवरचा तरुण समजुतीच्या सुरात म्हणाला, "ताई, हप्ता तोच आहे ना? तुम्हाला काहीच त्रास नाही." त्याने खोटे सांगितले असे मी म्हणणार नाही. व्याज वाढले की मुदत वाढेल, ही अट आम्ही सही केलेल्या कागदांत होतीच. आम्ही ती वाचली नव्हती.

त्या रात्री मी वही घेऊन बसले. उरलेले मुद्दल होते सुमारे १८ लाख ६० हजार. हप्त्यातले १४,७२५ रुपये आता व्याजाला जात होते आणि मुद्दलाला फक्त सव्वातीन हजार. दोन वर्षांपूर्वी मुद्दलाला सहा हजारांवर जात होते! पाच वर्षे जास्त म्हणजे साठ हप्ते, म्हणजे पावणेअकरा लाख रुपये. पण पैशांपेक्षा मला दुसऱ्याच गोष्टीने घाम फुटला. ह्यांची निवृत्ती २०३६ साली, अठ्ठावन्नाव्या वर्षी. कर्ज त्याच वर्षी संपावे असाच आमचा बेत होता. आता ते २०४१ पर्यंत जाणार होते. पगार नाही, निवृत्तिवेतन नाही, आणि पाच वर्षे हप्ता उभा. तो कोण भरणार? मुलगीच ना! म्हणजे तिच्या डोक्यावर छप्पर म्हणून घेतलेले घर आम्ही तिच्या डोक्यावर ओझे म्हणून ठेवणार होतो.

आम्ही दोघे पुन्हा बँकेत गेलो आणि लेखी अर्ज दिला, की मुदत पहिलीच ठेवा, हप्ता वाढवा. नवा हप्ता आला २०,८०० रुपये, म्हणजे महिन्याला अठ्ठावीसशे जास्त. हे कोठून आणायचे? ह्यांच्या पगारात मावण्यासारखे नव्हते. तेव्हा मी संध्याकाळी मुलांच्या गणिताच्या शिकवण्या सुरू केल्या. आपल्यातल्या काहींची मुले माझ्याकडे येतात ती ह्यामुळे. ती गोष्ट आज प्रथमच उघड करते आहे. तेरा वर्षांत आमचे जास्तीचे जातील सुमारे चार लाख चाळीस हजार. न हलवता राहिलो असतो तर गेले असते पावणेअकरा लाख. आणि मुख्य म्हणजे, कर्ज निवृत्तीपलीकडे जाणार नाही.

पुढे फेब्रुवारी २०२५ पासून रेपो दर उतरू लागला आणि वर्षअखेर सव्वापाच टक्क्यांवर आला. आता हप्ता कमी करून घ्यावा असा मोह झाला होता. पण आम्ही हप्ता तसाच ठेवला. दर उतरला आणि हप्ता तोच राहिला की मुद्दल लवकर झिजते; जी गोष्ट पूर्वी आपल्यावर उलटली होती, तीच आता आपल्या बाजूने काम करते.

मैत्रिणींनो, माझ्या अनुभवातून जे शिकले ते थोडक्यात सांगते.

पहिली गोष्ट, कर्ज घेताना हप्ता किती एवढेच विचारू नका. एकूण किती भरावे लागेल ते विचारा. १ ऑक्टोबर २०२४ पासून नवे कर्ज देताना सर्व शुल्के धरून वार्षिक दर किती पडतो, हे सांगणारे मुख्य माहितीचे पत्रक देणे बंधनकारक झाले आहे, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असले पाहिजे. आपण मराठीत मागावे. त्यात लाजण्यासारखे काही नाही.

दुसरी गोष्ट, कर्जात काय काय मिसळले आहे ते पाहा. आमच्या वीस लाखांत चाळीस हजार विम्याचे होते. विमा असावा, कमावत्या माणसाच्या मागे कर्ज राहू नये. पण तो कर्ज देणाऱ्याकडूनच घेतला पाहिजे असे नाही, आणि कर्जात घातला की त्यावरही व्याज चढते. सात टक्के कायम राहिले असते तरी ते चाळीस हजार पंधरा वर्षांत चौसष्ट हजारांवर गेले असते. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी हा खर्च वेगळाच. घर केवळ स्त्रीच्या नावावर घेतले तर महाराष्ट्रात १ एप्रिल २०२१ पासून मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. आमचे घर दोघांच्या नावावर, म्हणून आम्हाला ती मिळाली नाही.

तिसरी गोष्ट, तीन महिन्यांनी एकदा शिल्लक हप्त्यांचा आकडा पाहा आणि वहीत लिहा. १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने आदेश काढला, की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला निवडता आले पाहिजे. आणि दर तिमाहीला मुद्दल, व्याज, दर व उरलेले हप्ते दाखवणारा उतारा त्याला मिळाला पाहिजे. माझ्यासारखे किती जण असतील, हे त्यावरून समजते.

चौथी गोष्ट, थोडे थोडे जास्त भरा. आपण स्वतःच्या घरासाठी बदलत्या व्याजाचे कर्ज घेतले असेल तर मुदतीपूर्वी भरण्यावर दंड नाही. तीस लाखांचे, वीस वर्षांचे, साडेआठ टक्क्यांचे कर्ज असेल आणि पहिल्यापासून महिन्याला दोन हजार जास्त भरले, तर ते सव्वातीन वर्षे आधी संपते आणि सहा लाखांवर वाचतात. मात्र दुखण्याबाण्यासाठी ठेवलेले पैसे ह्यात घालू नका. आणि कार्डाची किंवा वैयक्तिक कर्जाची महाग उधारी असेल तर ती आधी फेडा.

पाचवी, कर्ज संपले की कागदपत्रे तीस दिवसांत परत मिळाली पाहिजेत. डिसेंबर २०२३ पासून, कर्ज देणाऱ्याच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला पाच हजार रुपये भरपाई आहे. हे माहीत असू द्या.

मागे भिशीत हा विषय निघाला तेव्हा एका मैत्रिणीने विचारले होते, "मग कर्ज काढूच नये काय?" मी तसे म्हणत नाही. व्याज गेले तरी भाडे वाचले, आणि आजच्या वीस हजारांचे वजन दहा वर्षांनी तेवढे राहणार नाही, हेही खरे. कर्ज नसते तर आज आम्ही भाड्याच्या खोलीतच असतो. माझे म्हणणे एवढेच, की किंमत ठाऊक असून द्यावी. आपण भाजीवालीशी पाच रुपयांसाठी घासाघीस करतो आणि पाच लाख कोठून निसटले ते पाहत नाही.

गेल्या दिवाळीत मी सासूबाईंना त्यांच्या प्रश्नाचे उत्तर दिले. म्हटले, "आई, घर सव्वीस लाखांचं, पण आपल्याला पडेल त्रेचाळीस लाखांना. मी लक्ष दिलं नसतं तर साडेएकोणपन्नास लाखांना पडलं असतं." त्या काही बोलल्या नाहीत. थोड्या वेळाने म्हणाल्या, "शिकवण्यांचं धरलंस का त्यात?"

तेही धरायचे राहिलेच होते. तेव्हा मैत्रिणींनो, आज घरी गेल्यावर आपापला उतारा काढा आणि शिल्लक हप्त्यांचा आकडा पाहा. समजला नाही तर माझ्याकडे या. शिकवणीची मुले साडेसातला जातात, त्यानंतर मी मोकळीच असते.