रिकामा खिसा आणि अर्धी शिक्षा

गर्दीत पाकीटमारानं कुणाच्या तरी खिशात हात घातला आणि खिसा निघाला रिकामा. मग गुन्हा झाला का? झाला. हे उदाहरण खुद्द कायद्याच्या पुस्तकातच आहे. पूर्वी भारतीय दंड संहितेच्या कलम 511 खाली, आता न्याय संहितेच्या कलम 62 खाली.

प्रयत्नाला वेगळी शिक्षा सांगितलेली नसेल, तर मूळ गुन्ह्याच्या कमाल कैदेच्या निम्मी कैद देता येते. जन्मठेपेचं निम्मं कसं करायचं? आयुष्य किती, हे कुणाला ठाऊक! म्हणून हिशेबापुरती जन्मठेप 20 वर्षांची धरतात. निम्मी झाली 10. हा आकडा फक्त भागाकारासाठी. जन्मठेपेचा कैदी 20 वर्षांनी आपोआप सुटतो, हा गैरसमज मात्र पारावर अजून ऐकू येतो.

खरी ओढाताण असते ती तयारी कुठे संपली आणि प्रयत्न कुठे सुरू झाला, यावर. चांदीच्या तस्करीचा एक खटला बघा. वसईजवळच्या खाडीकाठी रात्री चांदी घेऊन वाहनं आली, माल उतरू लागला, पाण्यात यांत्रिक बोटीचा आवाज; तेवढ्यात कस्टमचे अधिकारी पुढे झाले. ही नुसती तयारी, असं म्हणून खालच्या न्यायालयांनी आरोपींना सोडलं होतं. सर्वोच्च न्यायालयानं 1980 मध्ये तो निकाल फिरवला. शेवटचं पाऊल पडायलाच हवं असं नाही. कृतीतून हेतू स्पष्ट दिसावा आणि ती गुन्ह्याच्या पुरेशी जवळ पोचलेली असावी.

खुनाच्या प्रयत्नाला हा निम्म्याचा हिशेब लागत नाही. न्याय संहितेत त्याचं कलमच स्वतंत्र, 109. जखम झाली तर थेट जन्मठेपेपर्यंत.