नोकरी सुरू झाली केव्हा?



शिक्षकाची नोकरी संपते केव्हा, यावर आपल्याकडे फारसं भांडण होत नाही. अठ्ठावन्न पूर्ण झाली, महिनाअखेर आली, की शाल, श्रीफळ आणि लांबलेली भाषणं. भांडण होतं ते नोकरी सुरू केव्हा झाली, यावर.

त्याचं मूळ एका तारखेत आहे, १ नोव्हेंबर २००५. त्या दिवशी किंवा त्यानंतर सेवेत आलेल्यांना महाराष्ट्रात जुनी पेन्शन नाही, अंशदानाची योजना आहे. ऐकायला सरळ वाटतं. पण खाजगी शाळांना अनुदान मिळतं टप्प्याटप्प्यानं, आणि घोळ तिथेच होतो. समजा, एक बाई १९९९ साली रुजू झाल्या आणि शाळा शंभर टक्के अनुदानावर आली २००७ साली. बाईंची सेवा कुठून धरायची? खातं म्हणतं, २००७ पासून.

त्यांचं सेवापुस्तक उघडून बघा. पहिल्याच पानावर उंची, ओळखीची खूण, बोटांचे ठसे. पुढे रुजू दिनांक, शिक्षणाधिकाऱ्यांच्या मान्यतेचा जावक क्रमांक, दरवर्षीच्या सह्या. वर्गावर बाईच होत्या, याबद्दल कुणालाच शंका नाही. तरीही ती आठ वर्षं पेन्शनच्या हिशेबात येत नाहीत.

शासनाची बाजू अगदीच पोकळ नाही. ज्या वर्षांचा पूर्ण पगार तिजोरीतून गेला नाही, त्या वर्षांचा भार तिजोरीनं का घ्यावा, असा तो सवाल आहे. मला मात्र तो पटत नाही. नेमणुकीला मान्यता शासनाची, सेवेचे नियमही शासनाचेच, १९८१ चे. मग पेन्शनच्या वेळीच ‘ती संस्थेची माणसं’ कशी? हा वाद मुंबई उच्च न्यायालयात गेला, तिथून सर्वोच्च न्यायालयातही. २००५ च्या त्या तारखेआधी ज्यांच्या पदाची जाहिरात निघाली, त्या कर्मचाऱ्यांना शासनानं २०२४ मध्ये जुन्या पेन्शनचा पर्याय दिला. अनुदानाच्या टप्प्यांचं कोडं त्याहून वेगळं.

दुसरं भांडण सेवेतल्या मधल्या खंडाचं. संस्थेनं कामावरून काढलं, तर खाजगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांसाठीच्या १९७७ च्या कायद्याप्रमाणे तीस दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येतं. जिंकलात तर पेढे वाटण्याआधी निकालपत्र नीट वाचा. ‘सेवासातत्यासह’ असं त्यात लिहिलं नसेल, तर पुढे लेखा विभाग त्याच खंडावर बोट ठेवतो. पेन्शनला किमान दहा वर्षांची अर्हताकारी, म्हणजे हिशेबात धरली जाणारी, सेवा लागते. काठावरच्या माणसाला सहा महिन्यांचा खंडसुद्धा महागात पडतो.

म्हणून सेवापुस्तकाची दुय्यम प्रत आपल्याकडे ठेवा आणि दरवर्षी नोंदी करून घ्या. सेवानिवृत्तीनंतर बघू, म्हणून थांबू नका. पेन्शन कमी बसली, तर उशिरा गेलात तरी न्यायालय सहसा दार लावत नाही, पण सर्वोच्च न्यायालयाच्या २००८ च्या निकालापासून थकबाकी साधारणपणे अर्जाआधीच्या तीन वर्षांचीच मिळते.