मनातलं वाचणारं यंत्र

(कल्याण येथे तरुणांच्या अभ्यास शिबिरात केलेल्या भाषणाचं शब्दांकन)



मन, मेंदू आणि जाणीव यांबद्दल तत्त्वज्ञांनी जे विचारप्रयोग केले त्यावर बोला, असं आयोजकांनी मला सांगितलं. विचारप्रयोग म्हणजे प्रयोगशाळा नाही, उपकरणं नाहीत. 'समजा असं असतं तर' म्हणायचं आणि तो विचार शेवटपर्यंत ओढून बघायचा. ऐकायला हा रिकामटेकड्यांचा उद्योग वाटतो. मी दिवसभर कोड लिहिणारा माणूस. इंजिनिअरिंगच्या चार वर्षांत यातलं एक अक्षर आम्हाला कुणी शिकवलं नाही. पण याच प्रश्नाचं एक उत्तर गृहीत धरून आपल्या महाराष्ट्रात एका मुलीला जन्मठेप सुनावली गेली आहे. म्हणून सुरुवात तिथूनच करतो.

जून २००८, पुण्याचं सत्र न्यायालय. आरोपी चोवीस वर्षांची, एमबीएची विद्यार्थिनी. आरोप असा, की पूर्वी ज्याच्याशी लग्न ठरलं होतं त्या तरुणाला तिने खाण्यातून आर्सेनिक दिलं. खटल्यात इतरही पुरावे होते. पण ज्या पुराव्यामुळे हा निकाल जगभर गाजला, तो होता मेंदूच्या चाचणीचा. चाचणीचं नाव ब्रेन इलेक्ट्रिकल ऑसिलेशन्स सिग्नेचर, थोडक्यात बीईओएस. चंपाडी रामन मुकुंदन या भारतीय शास्त्रज्ञांनी ती तयार केली. मुंबईत त्या मुलीच्या डोक्याला ३२ इलेक्ट्रोड लावले. मग तपास करणाऱ्यांनी एकेक वाक्य वाचलं, तेही तिच्या तोंडी घालावं तसं: मी आर्सेनिक विकत घेतलं, मी त्याला अमुक ठिकाणी भेटले. मधूनच आकाश निळं आहे, असलं एखादं साधं वाक्य. तासभर ती मुलगी एक शब्द बोलली नाही. बोलायचं नव्हतंच. संगणकाने तिच्या मेंदूतल्या विद्युत लहरी मोजल्या आणि निष्कर्ष दिला, की खुनाबद्दल तिला नुसती माहिती नाही, अनुभवाचं ज्ञान आहे. म्हणजे तिने ते ऐकलेलं नाही, केलेलं आहे. न्यायालयाने हा निष्कर्ष ग्राह्य धरला.

आता या एका वाक्यावर थांबा. 'माहीत असणं' वेगळं आणि 'अनुभवलेलं असणं' वेगळं, आणि हा फरक बाहेरून, तारा लावून ओळखता येतो, असा त्या यंत्राचा दावा आहे. यातल्या पहिल्या अर्ध्यावर तत्त्वज्ञ जवळजवळ हजार वर्षं भांडताहेत. दुसऱ्या अर्ध्यावर मात्र एका प्रयोगशाळेने शिक्का मारला.

हजार वर्षं म्हणालो, कारण यातला एक फार जुना विचारप्रयोग इब्न सिनाचा आहे. वैद्यकामुळे आपण त्याला ओळखतो, पण त्याच्या 'किताब अल-शिफा'मध्ये मनावरही मोठं लिखाण आहे. तो म्हणतो, समजा एक माणूस एकदम पूर्ण वाढलेला असा निर्माण झाला आणि हवेत तरंगतोय. डोळ्यांवर पडदा. हातपाय असे पसरलेले, की एकाचा दुसऱ्याला स्पर्श नाही. हवेचाही स्पर्श जाणवत नाही. या माणसाला आपल्याला हात आहेत की नाहीत, हृदय आहे की नाही, काहीच कळणार नाही. पण 'मी आहे' हे कळेल की नाही? इब्न सिना म्हणतो, कळेल. मग तो 'मी' हातापायांपेक्षा काही वेगळा असला पाहिजे. आपल्याकडचे पुष्कळ लोक यावर खूश होऊन म्हणतात, बघा, रूह सिद्ध झाली.

मला तसं वाटत नाही. समजा एखाद्याला दिलीपकुमार माहीत आहे, पण युसूफ खान कोण हे माहीत नाही. देवळालीच्या बार्न्स स्कूलमध्ये युसूफ खान नावाचा मुलगा शिकत होता का, याबद्दल तो शंका घेऊ शकतो. दिलीपकुमारने सिनेमात काम केलं का, याबद्दल त्याला शंका नाही. एवढ्यावरून ती दोन माणसं ठरत नाहीत. तसंच, मला शरीराचा पत्ता न लागता 'मी'चा पत्ता लागला, एवढ्याने 'मी' शरीराबाहेरचा ठरत नाही. पण या प्रयोगात एक गोष्ट मात्र पक्की हाताला लागते. 'मी आहे' हे मला आतून कळतं, कुठल्याही मापाशिवाय, आणि दुसऱ्या कुणालाही ते तसं कळू शकत नाही.

दुसरा प्रयोग जर्मन तत्त्वज्ञ लायब्निझचा, १७१४ सालचा. त्याने गिरणीचं उदाहरण दिलंय. इथून भिवंडी जवळ आहे, म्हणून आपण यंत्रमागाचा कारखाना घेऊ. समजा विचार करणारं एक यंत्र आहे आणि ते फुगवून कारखान्याएवढं केलं. आपण दारातून आत शिरलो. काय दिसेल? धोटा इकडून तिकडे पळतोय, कांडी संपतेय, बीम फिरतंय, एक भाग दुसऱ्याला ढकलतोय. 'भूक लागली', 'आईची आठवण आली' असं काही कुठल्या कोपऱ्यात दिसेल का? लायब्निझ म्हणतो, नाही. यावर भौतिकवाद्यांचं उत्तरही चांगलं आहे: एकेका सुताकडे बघत बसलात तर कापडावरची नक्षीही दिसणार नाही, म्हणून नक्षी खोटी होत नाही. मन ही मेंदूतल्या अब्जावधी पेशींची नक्षी असू शकते. मला स्वतःला हे उत्तर बऱ्यापैकी पटतं. पण मग नक्षी वाचायला किती लांब उभं राहायचं आणि किती सुतं मोजायची, हा प्रश्न उरतोच.

तिसरा प्रयोग आपल्या खटल्याच्या अगदी जवळचा. फ्रँक जॅक्सन या ऑस्ट्रेलियन तत्त्वज्ञाने तो १९८२ साली मांडला. मेरी नावाची शास्त्रज्ञ जन्मापासून काळ्या-पांढऱ्या खोलीत राहते. रंगांबद्दल, डोळ्यांबद्दल, मेंदूबद्दल विज्ञानाला जेवढं ठाऊक असू शकतं तेवढं सगळं तिला ठाऊक आहे. एक दिवस दार उघडतं आणि ती पहिल्यांदा लाल टोमॅटो बघते. तिला काही नवीन कळलं का? बहुतेकांचं उत्तर येतं, हो, लाल 'दिसतं कसं' हे कळलं. म्हणजे सगळी माहिती असूनही अनुभव बाकी होता. (गंमत म्हणजे जॅक्सनने स्वतः पुढे आपलं मत बदललं आणि तो भौतिकवाद्यांकडे गेला. त्याचा प्रयोग मात्र अजून चालूच आहे.)

आता पुण्याच्या त्या चाचणीकडे परत या. मेरी बाहेर पडण्याआधीची आणि नंतरची, या दोघींमधला फरक ओळखायचं काम तत्त्वज्ञांना अजून निर्विवाद जमलेलं नाही. ते त्या यंत्राने एका तासात केलं म्हणे. शिवाय आठवण आणि कल्पना यांचा प्रश्न आहेच. एखादी गोष्ट आठवताना मेंदू ती पुन्हा रचतो, आणि कल्पना करतानाही त्याच यंत्रणेचा बराचसा भाग वापरतो. पोलिसांनी तीच कहाणी दहा वेळा ऐकवली असेल, तर घाबरलेल्या निर्दोष माणसाच्याही मनात ते चित्र उभं राहणारच. 'मी आर्सेनिक विकत घेतलं' हे वाक्य कानावर पडताच ज्याच्या गळ्याशी फास आहे त्याचा मेंदू 'आकाश निळं आहे' इतकाच शांत कसा राहील?

इथे एक गल्लत टाळली पाहिजे. या चाचणीला विरोध करायला तुम्ही रूह मानलीच पाहिजे असं नाही. मन म्हणजे केवळ मेंदू, असं पूर्णपणे मानलं तरी हे यंत्र ते मन वाचतं असं ठरत नाही. डोक्यावरचा इलेक्ट्रोड कवटीच्या बाहेरून असंख्य पेशींची एकत्रित कुजबुज ऐकतो. ठाण्याच्या दादोजी कोंडदेव स्टेडियमच्या भिंतीबाहेर उभे राहा. आरडाओरडा झाला की आत काहीतरी घडलं हे कळेल. विकेट कुणाची गेली, कुणी घेतली, हे त्या आवाजावरून सांगणाऱ्यावर तुम्ही पैज लावाल का?

आणि माझ्या धंद्यातला साधा प्रश्न. कुठलंही असं सॉफ्टवेअर तपासायचं तर खरं उत्तर आधी माहीत असलेली उदाहरणं लागतात. विद्यार्थ्यांना खोटी चोरी करायला लावून चाचणी घेता येते, पण खोटा खून आणि खऱ्या खटल्याची भीती प्रयोगशाळेत कुठून आणणार? तरीही समजा, यंत्र नव्वद टक्के बरोबर आहे. हजार संशयितांची चाचणी घेतली, त्यांत दोषी एकच. तो एक बहुधा सापडेल. पण उरलेल्या ९९९ निर्दोषांपैकी सुमारे शंभर जणांवरही लाल दिवा लागेल. नव्वद टक्के हा आकडा ऐकायला किती भारदस्त वाटतो बघा, आणि त्याच्या पोटात शंभर घरं आहेत.

त्याच वर्षी, २००८ मध्ये, बंगळुरूच्या निमहान्सच्या संचालकांच्या अध्यक्षतेखालील तज्ज्ञ समितीने या पद्धतीला वैज्ञानिक आधार नसल्याचं म्हटल्याच्या बातम्या आल्या. त्या मुलीला पुढे मुंबई उच्च न्यायालयाने जामीन दिला. आणि ५ मे २०१० रोजी सर्वोच्च न्यायालयाने सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य या प्रकरणात निकाल दिला: नार्को, पॉलिग्राफ आणि मेंदूची चाचणी कुणावरही सक्तीने करता येणार नाही. स्वतःविरुद्ध साक्ष द्यायला कुणालाही भाग पाडता येत नाही, असं सांगणारं संविधानाचं कलम २०(३) आणि जीवित-स्वातंत्र्याचं कलम २१ या निकालाच्या मुळाशी आहेत. माणसाच्या मनालाही खासगीपण असतं, हे न्यायालयाने मान्य केलं. बिहारमधल्या एका प्रकरणात जून २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हेच पुन्हा सांगितलं.

हे सगळं मी इथे, तुमच्यासमोर का बोलतोय? २००६ च्या मालेगाव बॉम्बस्फोटांच्या तपासात नऊ मुस्लिम तरुण पकडले गेले. त्या तपासात नार्को चाचण्याही झाल्या. २०१६ मध्ये विशेष न्यायालयाने त्यांना दोषमुक्त केलं, तोवर त्यांच्यातला एक जण हयातही नव्हता. तुमच्यातले काही जण २००६ मध्ये जन्मले नसतील. पण 'तुमच्या मनात नक्की काय आहे' हा प्रश्न तुमच्या ओळखीचा आहे. भारत-पाकिस्तान मॅचच्या दिवशी ऑफिसच्या कॅन्टीनमध्ये तो हसत हसत विचारला जातो. त्याला पुराव्यानिशी उत्तर देताच येत नाही, कारण मन उघडून टेबलावर ठेवता येत नाही. तुमचंही नाही आणि विचारणाऱ्याचंही नाही. कायदा हे फार पूर्वीपासून जाणतो. म्हणून न्यायालय हेतू ठरवताना माणसाचं वागणं, परिस्थिती, त्याने केलेली कृती बघतं. आपल्याकडच्या जुन्या फिकहमध्येही काझीने जे उघड दिसतं त्यावर निकाल द्यायचा असतो; आतली नियत त्याच्या अखत्यारीत नाही. दोन वेगळ्या परंपरा इथे एकाच जागी येऊन थांबतात, हे मला महत्त्वाचं वाटतं.

एक उलट बाजूही सांगतो. १९८० साली जॉन सर्ल या अमेरिकन तत्त्वज्ञाने एक खोली कल्पिली. त्याने चिनी भाषा घेतली होती, आपण मोडी घेऊ. खोलीत एक माणूस आहे, त्याला मोडीचं एक अक्षर कळत नाही. फटीतून मोडीतला कागद आत येतो. त्याच्याकडे नियमांचं जाडजूड पुस्तक आहे: असा आकार दिसला की तसा आकार काढ. तो काढतो, कागद बाहेर देतो. बाहेरच्याला वाटतं, आत कुणी मोडीचा जाणकार बसलाय. सर्ल म्हणतो, नियम पाळले म्हणजे अर्थ कळला असं होत नाही. आज तुमच्या फोनमधला चॅटबॉट 'मला तुमचं दुःख समजतं' असं लिहितो, तेव्हा ही खोली आठवा. सर्लला विरोध करणारेही बरेच आहेत, ते सांगायला आज वेळ नाही. मला चमत्कारिक वाटतं ते वेगळंच. गोड वाक्यं लिहिणाऱ्या यंत्राला आपण लगेच मन बहाल करतो, आणि 'मी हे केलं नाही' म्हणणाऱ्या जिवंत माणसावर विश्वास ठेवण्याआधी त्याच्या डोक्याला तारा लावतो.

शेवटी कामाचं. या चाचण्या बंद झालेल्या नाहीत. २०२० मध्ये हाथरस प्रकरणातल्या आरोपींची मेंदूची चाचणी गांधीनगरला झाली. २०२२ मध्ये वसईच्या तरुणीच्या खुनाच्या प्रकरणात दिल्लीत आरोपीची पॉलिग्राफ आणि नार्को झाली. संमतीने चाचणी घेता येते, आणि 'निर्दोष असशील तर घाबरतोस कशाला' म्हणून संमती मिळवलीही जाते. पुण्याच्या त्या मुलीनेही संमती दिली होती. तर लक्षात ठेवा: नकार देता येतो. होकार द्यायचाच असेल तर आधी वकिलाशी बोलता आलं पाहिजे, आणि ती संमती न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर नोंदवली गेली पाहिजे, पोलीस ठाण्यात नाही. संमतीने झालेल्या चाचणीचा निष्कर्ष हाही स्वतंत्र पुरावा ठरत नाही. त्यातून पुढे एखादी वस्तू किंवा माहिती सापडली तर तेवढीच मांडता येते. हे घरी भावंडांनाही सांगा.

आता तुमचे प्रश्न घेऊ. इब्न सिनाला मी कमी गुण दिले असं ज्यांना वाटतं, त्यांनी आधी विचारावं.