गालावरचा व्रण आणि त्याचा कोड
(स्नेहमेळाव्यातील भाषण)



संयोजकांची आज्ञा अशी, की प्रत्येकाने आपण काय काम करतो ते थोडक्यात सांगायचं. डॉक्टर, वकील, शिक्षक यांचं सोपं असतं. मी 'मेडिकल कोडर' आहे म्हटलं, की आमच्या सोसायटीतले लोक मला वायफाय बंद पडल्यावर बोलावतात.

खरं काम असं. अमेरिकेतला डॉक्टर रुग्ण तपासतो आणि जे आढळलं ते लिहून ठेवतो. ती नोंद पुण्यात माझ्या स्क्रीनवर येते. ती वाचून मी प्रत्येक आजाराला, प्रत्येक दुखापतीला ठरलेला कोड देतो. विमा कंपनी बिल मंजूर करताना तो कोड बघते. रुग्ण मला कधीच दिसत नाही, दिसते ती फक्त नोंद.

उदाहरण द्यायला हवं, पण रुग्णाची माहिती बाहेर सांगायला आम्हाला सक्त मनाई आहे. म्हणून आपल्याच आठवी 'ब'मधला एक डावा गाल घेतो. गालाच्या मालकाची परवानगी आज सकाळी चहाच्या वेळीच काढली आहे.

भूमितीच्या तासाआधी त्याच्या गालात काहीतरी घुसलं होतं, हे बऱ्याच जणांना आठवत असेल. रक्त आलं थेंबभर. सरांनी जखम धुतली, टिंक्चर लावलं आणि सायकलवर बसवून त्याला धनुर्वाताच्या इंजेक्शनला नेलं. आज तिथे छोटासा खळगा आहे. लग्नाच्या फोटोत तो खळी म्हणून खपून गेला, असं वहिनी सांगतात.

टोचलेली जखम अशीच फसवी असते. तोंड लहान, पण खोली जास्त. गालाच्या आत चेहरा हलवणाऱ्या नसेच्या फांद्या असतात, लाळेची नळी असते. टोक कुठवर गेलं ते बाहेरून कळत नाही. त्याचं नशीब, की फक्त व्रणावर भागलं. आमच्या पुस्तकात म्हणूनच कापलेली, टोचलेली आणि चावलेली जखम यांना वेगवेगळे कोड आहेत. आत काही अडकून राहिलं असेल, तर आणखी वेगळा.

त्याचा कोड होईल एस०१.४३२एस. घाबरू नका, मंगलाष्टकांपेक्षा सोपं आहे. पहिला एस म्हणजे दुखापत. ०१ म्हणजे डोक्याची उघडी जखम, चेहरा त्यातच आला. ४ म्हणजे गाल आणि जबड्याच्या सांध्याजवळचा भाग. ३ म्हणजे टोचलेली, आत काही न राहिलेली. २ म्हणजे डावी बाजू. शेवटचा एस सांगतो, की जखम भरली आहे पण तिचा परिणाम मागे राहिला आहे. उपचार चालू असताना तिथे ए येतो, जखम भरत असतानाच्या तपासण्यांना डी.

१ ऑक्टोबर २०१५ पूर्वी अमेरिकेत जुनी पद्धत होती. तिच्यात डोकं, मान आणि धड यांच्या उघड्या जखमेच्या मागाहून होणाऱ्या परिणामांना मिळून एकच कोड होता, ९०६.०. गालाला टोचलं काय नि पाठीला कापलं काय, खाते एकच. नव्या पद्धतीत जागा लागते, प्रकार लागतो, बाजू लागते. डॉक्टरने नुसतं 'गालावर जुना व्रण' लिहिलं, तर डावा की उजवा हे मी अंदाजाने भरू शकत नाही. डॉक्टरला विचारावं लागतं. तेही "डावाच ना?" असं उत्तर तोंडात घालून विचारायचं नाही.

अशा जुन्या जखमेला सहसा एक कोड पुरत नाही. आज जो त्रास आहे तो आधी लिहायचा, इथे व्रण, म्हणजे एल९०.५. मूळ जखम त्याच्या मागे. दुखापत कशाने झाली, याचेही कोड असतात, आणि त्यांनाही शेवटी तोच एस लागतो. आणि याला मुदत नाही. जखमेला सहा महिने होवोत की चाळीस वर्षं, परिणाम तिचाच असेल तर कोड लागतो.

आता अडचण इथे आहे. खिळा घुसल्याला आमच्याकडे स्वतंत्र कोड आहे. शाळेच्या लेखी आपल्या मित्राला बाकाचा खिळा लागला होता. तसं सरांना मी सांगितलं होतं.

तो खिळा नव्हता. ते माझं कर्कटक होतं. बाकावर नाव कोरत होतो, त्याने हात ओढला, मी झटका दिला. सर दारात दिसले आणि तोंडातून 'खिळा' निघालं. गालाला रुमाल लावून त्यानेही मान हलवली. आजवर त्याने कुणाला सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी मुख्याध्यापकांनी शिपाईमामांना सगळ्यांसमोर बोल लावले, बाक वेळेवर ठोकून घेत नाही म्हणून. मामा एक शब्द बोलले नाहीत. मधल्या सुट्टीत हातोडी घेऊन आमच्या रांगेतला एकेक बाक तपासत होते. वर आलेला खिळा त्यांना सापडला नाही, कारण तो नव्हताच. मी डबा खात ते बघत होतो.

रोज दुसऱ्यांच्या नोंदीतली चूक शोधतो, तेव्हा ही नोंद मला आठवते. दवाखान्याच्या कागदात चूक सापडली, तर जुना मजकूर खोडत नाहीत. खाली आजची तारीख घालून खरं काय ते लिहितात आणि सही करतात. मी तेवढंच करतोय.

मामा, तुम्ही पुढच्या रांगेत बसला आहात. बाक धड होता. चूक माझी होती, आणि ओरडा तुम्ही खाल्लात. मला क्षमा करा. स्मरणिकेच्या संपादकांना विनंती, की एवढं तरी काटछाट न करता छापावं.